गाईड घेऊन एका दिवसात आग्रा: तयारी, क्रम आणि हमखास होणाऱ्या चुका

आग्र्याहून परतलेली मंडळी बहुतेक वेळा एकच सांगतात: ताज बघितला, किल्ला धावत बघितला, बाकी दिवस कुठे गेला कळलंच नाही. तो कुठे जातो हे नक्की सांगता येतं. थोडा सुरक्षा तपासणीच्या रांगेत, थोडा परत पाठवलेली बॅग ठेवून येण्यात आणि सगळ्यात जास्त संगमरवर, चामडं आणि पेठ्याच्या दुकानांत. गाडी आणि गाईड ठरवले की दिवस आपोआप नीट पार पडेल असं आपण धरून चालतो, आणि घोळ तिथूनच सुरू होतो. काय बघायचं, कोणत्या क्रमाने आणि कुठे किती वेळ थांबायचं हे तुमचं तुम्ही आधी ठरवा. गाईडचं काम माहिती देण्याचं आहे, तुमचा दिवस ठरवण्याचं नाही.

खालचा क्रम आजी-आजोबा आणि मुलं सोबत असलेल्या चार-सहा जणांच्या कुटुंबासाठी लिहिला आहे. तरुण मंडळी यात थोडी भर घालू शकतात.

टप्पा १: वार आणि महिना आधी, तिकीट नंतर

ताजमहाल शुक्रवारी पर्यटकांसाठी बंद असतो. हे ऐकलेलं सगळ्यांनी असतं, तरी दर आठवड्याला कुणीतरी शुक्रवारी येऊन दारावरून परत जातं. कारण सहलीची आखणी दिल्ली धरून होते आणि आग्रा मध्ये कुठेतरी बसवलं जातं. आधी आग्र्याचा वार पक्का करा, मग दिल्ली आणि जयपूरचे दिवस त्याभोवती लावा. शक्य असेल तर मंगळवार, बुधवार किंवा गुरुवार घ्या. जोडून सुट्ट्या आल्या की दिल्लीची निम्मी गर्दी आग्र्यात असते.

महिन्याचा विचार वेगळा करायला हवा. डिसेंबरच्या मध्यापासून जानेवारीअखेरपर्यंत सकाळी दाट धुकं पडतं. "सूर्योदयाचा ताज" म्हणून पहाटे पाच वाजता उठून गेलात तर शंभर पावलांवरचा घुमटही दिसत नाही. या दिवसांत क्रम उलटा करा: आधी किल्ला, मग अकरानंतर ताज. एप्रिल ते जून या महिन्यांत मात्र सूर्योदयाला पर्याय नाही. दहा वाजल्यापासून चौथऱ्याचा दगड तापू लागतो आणि दुपारी तिथे उभं राहवत नाही.

सावध: शहाजहानच्या उरुसाच्या काळात आणि जागतिक वारसा दिनी, म्हणजे १८ एप्रिलला, ताजला प्रवेश मोफत असतो. पैसे वाचतात, पण गर्दी अशी असते की लहान मुलांचा हात सुटायची भीती वाटते. वृद्ध सोबत असतील तर हे दिवस टाळा.

टप्पा २: मुक्काम कुठे, निघणार कुठून

पूर्ण दिवस म्हणजे पहाट ते सूर्यास्त. तो हवा असेल तर आदल्या रात्री आग्र्यातच मुक्काम करा. दिल्लीहून गाडीने आग्रा गाठायला साडेतीन-चार तास लागतात. म्हणजे सूर्योदयासाठी रात्री दोनला निघावं लागतं, आणि मग दुपारी किल्ल्यात सगळे पेंगत असतात.

दिल्लीहून सकाळी येऊन संध्याकाळी परतायचंच असेल तर गतिमान एक्सप्रेस सोयीची. ती हजरत निजामुद्दीनहून सकाळी आठच्या सुमारास सुटते, दहाच्या आत आग्रा कॅन्टला पोचवते आणि संध्याकाळी सहाच्या आधी परत निघते. शुक्रवारी ती धावत नाही. या आखणीत ताज आणि किल्ला एवढंच धरा. तिसरं ठिकाण घुसवलंत की पहिली दोन्ही अर्धवट राहतात.

महाराष्ट्रातून थेट येणाऱ्यांना मुंबईहून पंजाब मेल आणि पुण्याहून झेलम एक्सप्रेस आहे. दोन्ही आग्रा कॅन्टला थांबतात. इतक्या लांबच्या गाडीला उशीर होऊ शकतो, हे धरूनच ठरवा. उतरल्या दिवशी दर्शनाचा कार्यक्रम ठेवू नका, दुसरा दिवस ठेवा.

तपासा: तिकिटावरचं स्टेशन कोणतं आहे? आग्रा कॅन्ट, आग्रा फोर्ट आणि राजा की मंडी ही तीन वेगळी स्टेशनं आहेत. काही गाड्या तर शहरात न येता टुंडल्याला थांबतात. गाडीवाल्याला नुसतं "स्टेशनवर या" असं कधीही सांगू नका.

टप्पा ३: गाईड आणि गाडी ठरवताना काय बोलून घ्यायचं

आग्र्यात स्टेशनपासून ताजच्या दारापर्यंत गिऱ्हाईक पकडणारे लोक असतात. स्थानिक त्यांना "लपके" म्हणतात. "आज पश्चिम दरवाजा बंद आहे", "रांग तीन तासांची आहे, मी लगेच आत नेतो", "मी सरकारी गाईड आहे" ही त्यांची ठरलेली वाक्यं. ऐका, मान हलवा, चालत राहा. रांग टाळून आत नेण्याचा अधिकार यांच्यापैकी कुणालाही नाही.

अधिकृत गाईडकडे केंद्रीय पर्यटन मंत्रालयाचं किंवा उत्तर प्रदेश पर्यटन विभागाचं फोटो असलेलं ओळखपत्र असतं. ते पाहायला मागण्यात कसलाही अपमान नाही, खरा गाईड स्वतःहून दाखवतो. कार्डावरची मुदत संपलेली नाही ना, तेही बघा.

आता सगळ्यात महत्त्वाचं. पैसे ठरवताना खालच्या गोष्टी फोनवर बोलू नका, व्हॉट्सअॅपवर लिहून घ्या आणि समोरच्याचा होकारही लेखी घ्या:

- कोणती ठिकाणं, कोणत्या क्रमाने
- गाईड दिवसभर सोबत आहे की फक्त ताज आणि किल्ल्यात
- पार्किंग, टोल, गाईडचं जेवण आणि स्मारकांची तिकिटं रकमेत धरली आहेत की वेगळी
- गाडी किती वाजेपर्यंत, आणि उशीर झाला तर दर काय
- दुकानात थांबायचं नाही, किंवा थांबायचंच तर एकाच, आणि तेही दिवसाच्या शेवटी

शेवटच्या ओळीवर समोरचा थोडा थांबतो. अगदी कमी पैशांत मिळणारा गाईड त्याची कमाई दुकानाच्या कमिशनमधून भरून काढतो. तुम्ही खरेदी केलीत की वस्तूच्या किमतीत ते कमिशन असतंच. म्हणून दोन पैसे जास्त देऊन "दुकान नाही" हे कबूल करून घ्या. दिवसभरात दोन-अडीच तास वाचतात, आणि ते आग्र्यात फार मोलाचे आहेत.

भाषेचंही बोलून घ्या. मराठी बोलणारा गाईड सहसा मिळत नाही. हिंदी चालेल, पण आजी-आजोबांना कळेल अशी सावकाश हिंदी हवी, हे आधी सांगितलेलं बरं.

टप्पा ४: तिकिटं आणि बॅग, दोन्ही आदल्या रात्री

भारतीयांसाठी ताजचं तिकीट ५० रुपये आहे. मुख्य घुमटाखालच्या दालनात जायचं असेल तर वर २०० रुपये. पंधरा वर्षांखालील मुलांना तिकीट लागत नाही. पुरातत्त्व खात्याच्या अधिकृत संकेतस्थळावर आदल्या दिवशी काढून ठेवा आणि चालू दर तिथेच बघा. मुख्य दालनाचं २०० रुपयांचं तिकीट हा पर्याय वेगळा निवडावा लागतो. घाईत तो राहतो आणि मग चौथऱ्यावर चढताना अडवतात.

तिकीट आत शिरल्यापासून तीन तास चालतं. बाहेर पडताना पुन्हा स्कॅन होतं आणि जास्त वेळ झाला तर पैसे भरावे लागतात.

बॅगेचं प्रकरण लोक अजिबात मनावर घेत नाहीत. सोबत न्यायचं ते एवढंच: मोबाइल, कॅमेरा, पाकीट, ओळखपत्र, पाण्याची बाटली, औषधं, लहान बाळाचं सामान. खाण्याचे पदार्थ, तंबाखू, सुपारी, लायटर, काडेपेटी, चाकू-कात्री, ट्रायपॉड यांतलं काहीही चालत नाही. पॉवर बँक आणि चार्जरही बहुतेक वेळा अडवतात. आजोबांच्या खिशातली तंबाखूची डबी आणि मुलांच्या सॅकमधलं बिस्किटांचं पाकीट यांवरून सगळं कुटुंब रांगेतून बाहेर आलेलं नेहमी दिसतं. तपासणी बायका आणि पुरुषांची वेगळ्या रांगेत होते. एकाला परत पाठवलं तर बाकीचे आत आणि तो बाहेर, अशी फाटाफूट होते. म्हणून खिसे हॉटेलवरच रिकामे करा.

तपासा: सगळ्यांची तिकिटं एकाच मोबाइलमध्ये आहेत का? स्क्रीनशॉट दुसऱ्या एका मोबाइलमध्येही ठेवा. पायमोजांची एक जोडी प्रत्येकाने घ्या. मुख्य दालनात जाताना बुटांवर आवरण चढवावं लागतं किंवा चपला काढाव्या लागतात. उन्हात तापलेल्या दगडावर मोजे फार उपयोगी पडतात.

टप्पा ५: ताज, पहाटेपासून साधारण तीन तास

ताज सूर्योदयाच्या अर्धा तास आधी उघडतो. त्याच्याही वीस मिनिटं आधी दारात असा. पर्यटक आत शिरतात ते पूर्व किंवा पश्चिम दरवाजाने. दक्षिण दरवाजातून प्रवेश बंद आहे. फतेहाबाद रोडच्या हॉटेलांना पूर्व दरवाजा जवळ, कॅन्ट आणि किल्ल्याच्या बाजूने येणाऱ्यांना पश्चिम. स्मारकाच्या पाचशे मीटरच्या आत पेट्रोल-डिझेलच्या गाड्या सोडत नाहीत. पूर्वेकडे गाडी शिल्पग्रामला उभी राहते आणि तिथून बॅटरीवर चालणाऱ्या गाडीने किंवा पायी जायचं. ज्येष्ठांसाठी ही बॅटरीची गाडी घ्याच.

आत गेल्यावरचा क्रम असा ठेवा:

१. मोठ्या दरवाजाच्या कमानीत थांबू नका. सगळे तिथेच फोटो काढतात आणि तुंबारा होतो. चार पावलं पुढे बागेत उतरून बाजूला उभे राहा.

२. गाईडला इथेच, बागेत बोलू द्या. मुख्य दालनात आवाज घुमतो, शांतता पाळायला सांगतात आणि रांग पुढे सरकत राहते. आत काय बघायचं हे बाहेरच कळलेलं असलं पाहिजे. वर दिसतात त्या कबरींच्या प्रतिकृती आहेत, खऱ्या कबरी खालच्या दालनात आहेत आणि ते दालन एरवी बंद असतं. मुमताजची प्रतिकृती बरोबर मध्यावर आहे, शहाजहानची एका बाजूला. एवढं माहीत असलं की आतली पाच मिनिटं पुरतात.

३. फोटोंच्या आधी मुख्य दालन. पहाटे रांग नसते, नऊनंतर चौथऱ्याभोवती वेढे पडतात. आत फोटो काढायला बंदी आहे.

४. मग पूर्वेकडच्या मेहमानखान्याच्या बाजूला जा. सकाळचं ऊन तुमच्या पाठीमागून येतं आणि ताजची ती बाजू उजळते. मशिदीच्या, म्हणजे पश्चिमेच्या बाजूने त्याच वेळी सावली असते.

५. संगमरवरी बाकावरचा फोटो सगळ्यात शेवटी, परतताना.

सावध: आतले फोटोग्राफर भराभर पन्नास फोटो काढतात आणि मग सगळे घ्यायचा आग्रह धरतात. पहिला फोटो काढण्याआधीच किती घेणार आणि दर काय ते ठरवा. माकडांपासूनही सांभाळा, हातात पिशवी लोंबती ठेवू नका.

बाहेर पडल्यावर नाश्ता. आग्र्याची सकाळ बेडईची: डाळीचं सारण भरलेली खुसखुशीत पुरी, तिखट बटाट्याची भाजी आणि वर जिलबी. गर्दी असलेल्या हलवायाकडेच खा, तिथे कढई थांबत नाही.

टप्पा ६: आग्र्याचा किल्ला, दोन तास

ताज आणि किल्ला यमुनेच्या एकाच काठावर आहेत. त्यामुळे दोन्ही सलग करा आणि नदी ओलांडायचं काम दुपारनंतरसाठी ठेवा. मधल्या वेळात एखादं ठिकाण पलीकडच्या काठावरचं घेतलं तर पुलावरच्या वाहतुकीत दोनदा अडकावं लागतं. गाईड असा उलटसुलट क्रम सुचवू लागला तर वाटेत कोणतं दुकान आहे ते बघा.

मेट्रो झाल्यापासून एक सोय वाढली आहे. ताज पूर्व दरवाजापासून किल्ल्यापर्यंत थेट मेट्रो जाते. ती मार्च २०२४ मध्ये सुरू झाली. गाडी घेतलेली नसेल तर हा भाग मेट्रोने आरामात होतो.

प्रवेश अमरसिंह दरवाजाने. आत लगेच दगडी चढण लागते. गुडघे दुखणाऱ्यांना ती सावकाश चढू द्या, वर गेल्यावर बरंचसं सपाट आहे. क्रम साधा ठेवा: जहांगिरी महाल, खास महाल, मुसम्मन बुर्ज, दिवाण-ए-खास आणि शेवटी दिवाण-ए-आम. शहाजहानला औरंगजेबाने इथे नजरकैदेत ठेवलं होतं. मुसम्मन बुर्जावरून नदीच्या वळणापलीकडे ताज दिसतो. सकाळी तो उजेडाच्या विरुद्ध दिसतो, दुपारनंतर स्वच्छ. ज्यांना हा फोटो फार महत्त्वाचा आहे त्यांनी जेवण आधी उरकून किल्ल्यात दोननंतर यावं, आणि मग पलीकडच्या काठावरचं फक्त मेहताब बाग धरावं.

आता महाराजांविषयी. मराठी माणूस या किल्ल्यात शिरला की पहिला प्रश्न तोच असतो, आणि काही गाईड तो ओळखून एखादं तळघर दाखवतात: "इथेच शिवाजी महाराजांना कोंडलं होतं." हे खरं नाही. १२ मे १६६६ रोजी महाराज किल्ल्यात दरबाराला आले आणि भर दरबारात झालेल्या अपमानाने संतापून तिथून निघाले. त्यानंतर त्यांच्यावर पहारा बसला तो किल्ल्याबाहेर, मिर्झाराजे जयसिंहांचा मुलगा रामसिंह याच्या छावणीजवळच्या त्यांच्या मुक्कामावर, शहराचा कोतवाल फौलादखान याच्या देखरेखीखाली. तिथूनच ऑगस्टमध्ये ते निसटले. मुलांना हे दिवाण-ए-आममध्ये उभं राहून नीट सांगा, तळघरापाशी नको. आणि अमरसिंह दरवाजासमोरच्या महाराजांच्या अश्वारूढ पुतळ्यासाठी बाहेर पडताना दहा मिनिटं राखून ठेवा.

तपासा: दुपारचा एक वाजून गेला का? मग आता जेवण, आणि तासाभराची विश्रांती. ती गाळली की संध्याकाळी मुलं आणि आजी-आजोबा दोन्ही हात टेकतात.

टप्पा ७: नदीपलीकडे, इतिमाद-उद-दौला आणि मेहताब बाग

इतिमाद-उद-दौलाची कबर लोक "छोटा ताज" म्हणून यादीतून खोडतात. माझं मत उलट आहे. पच्चीकारी, म्हणजे संगमरवरात रंगीत दगड बसवण्याचं काम, खरं बघायचं असेल तर इथेच. नूरजहानने वडिलांसाठी ही कबर १६२२ ते १६२८ या काळात बांधली, ताजच्या आधी. इथे गर्दी नसते आणि नक्षी अगदी डोळ्यांसमोर येते. बाहेरच्या भिंतीपाशी हातभर अंतरावर उभे राहा. निमुळत्या मानेची सुरई, फळांनी भरलेली तबकं, सुरूची झाडं, गुलाबदाण्या. पिवळ्या आणि तपकिरी दगडाचे तुकडे इतके नेमके कापलेले आहेत की सांधा शोधावा लागतो. काही चौकटींत तुकडा निखळून खाच उरली आहे, तिथे दगड किती खोल बसवतात ते कळतं. हात लावू नका. पाऊण तास पुरतो.

मग मेहताब बाग. ताजच्या बरोबर समोर, नदीच्या दुसऱ्या तीरावर. मावळतीचं ऊन ताजच्या पश्चिमेच्या बाजूवर पडतं. सूर्यास्ताच्या तासभर आधी पोचा, कारण तिकीटखिडकी लवकर बंद होते आणि सूर्यास्ताला बाग रिकामी करायला लावतात. "सहा वाजता सूर्यास्त, म्हणून पावणेसहाला पोचू" हा हिशेब दर वेळी फसतो.

पौर्णिमेच्या आसपास आलात तर रात्रीचं ताजदर्शनही असतं: पौर्णिमा आणि तिच्या आधी-नंतरच्या दोन-दोन रात्री, शुक्रवार आणि रमजान वगळून. त्याचं तिकीट वेगळं, मर्यादित आणि आधी काढायचं.

सावध: फतेहपूर सिक्री याच दिवशी बसवू नका. ते सुमारे चाळीस किलोमीटरवर आहे, आणि जाऊन-येऊन-बघून अर्धा दिवस लागतो. पुढे जयपूरला जाणार असाल तर ते वाटेवरच पडतं. दुसऱ्या दिवशी सकाळी सामान गाडीत टाकून निघा आणि तिथे थांबा. तिथेही दर्ग्याच्या वाटेवर चादर आणि धाग्यांसाठी गळ्यात पडणारे लोक भेटतील.

टप्पा ८: खरेदी आणि हिशेब

दुकानात जायचंच असेल तर आता. संगमरवरी वस्तूवर मोबाइलचा टॉर्च लावून "बघा, उजेड आरपार जातो, म्हणजे अस्सल" असं दाखवतात. त्यावर विसंबू नका, संगमरवरासारख्या दिसणाऱ्या अलाबास्टर या मऊ दगडातूनही उजेड जातो. वस्तू उलटी करून तळाशी नखाने ओरखडा काढून बघा. अलाबास्टर आणि सोपस्टोन नखाने ओरखडतात, संगमरवर नाही. दुकानदाराने हे करू दिलं नाही तर वस्तू खाली ठेवा. मोठी वस्तू "घरपोच पाठवतो" म्हणाले तरी पूर्ण पैसे आधी देऊ नका, बिलावर मापं लिहून घ्या आणि वस्तूचा फोटो काढून ठेवा.

पेठा दुकानात चाखून घ्या. एकाच नावाच्या पाट्या गावभर दिसतात, त्यामुळे नावावर जाऊ नका. पाकातला पेठा लांबच्या प्रवासात गळतो, घरी न्यायला कोरडा बरा. दालमोठही घ्या, ती टिकते.

गाईडला पैसे दिवस संपल्यावर द्या, ठरलेल्या यादीवर एकदा बोट ठेवून. त्याने दुकानाचा शब्द पाळला असेल, आजींसाठी थांबला असेल, तर वर काही द्या आणि त्याचा नंबर पुढे जाणाऱ्या नातेवाइकांना कळवा. रात्रीची गाडी असेल तर मेहताब बागेतून स्टेशनला जायला गर्दीच्या वेळी तासभर धरा.